आमची हलती वाडी

निर्जीव वस्तूंस चालतें करण्याची हौस आमच्या देशास नवी नाहीं. कै. दादासाहेब फाळके यांनीं १९१२ सालीं कुंडींत वाटाण्याचा दाणा पेरून त्याचें रोज एकेक चित्र घेतलें व महिन्याहून अधिक काळाची वाढ पडद्यावर क्षणांत दाखविली. पुढें १९१५ सालीं 'आगकाड्यांची मौज' ह्या चित्रपटांत त्यांनीं काड्यांसच नाचविलें. तो चित्रपट आज उपलब्ध नाहीं; परंतु वस्तु किंचित् हलवावी, चित्र घ्यावें, पुन्हां हलवावी, ही रीत टिकून आहे. हिलाच 'स्टॉप-मोशन' म्हणतात.

हरिहरेश्वरीं आमच्या आजोळची पोफळीची वाडी होती. ३ जून २०२० रोजीं 'निसर्ग' चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आदळलें आणि एका दुपारींच ती आडवी झाली. नवीं रोपें लाविलीं आहेत. पण पोफळ फळास येण्यास कित्येक वर्षें लागतात. "बाळांनो, त्यांची सावली मला कांहीं लाभायची नाहीं," असें आजी म्हणाली. तेव्हां गेल्या सुटींत आम्हां भावंडांनीं जुनी वाडी चित्रांत उभी करण्याचें ठरविलें.

पोफळीच्या विऱ्यांचें घर, नारळीच्या हिरांचीं झाडें आणि लाल मातीचे आजोबा, असा सरंजाम झाला. सेकंदास १२ चित्रें धरिलीं तर एका मिनिटास ७२० लागतात. ऊन सरकलें कीं सावल्या उड्या मारीत. म्हणून खिडक्या झांकून दिव्याच्या उजेडांत काम चाले. मोबाईल पाटास पक्का बांधिला होता.

खरी अडचण पुढेंच होती. आजोबा पाटाचें पाणी आळ्यांत सोडीत, एवढें सर्वांस ठाऊक, पण कसें? मामा म्हणाले, "फावड्यानें." मावशी म्हणाली, "पायानें." आजी मुकाट्यानें उठली, डावा हात कमरेवर ठेविला आणि उजव्या टांचेनें माती सारून दाखविली. "गुडघा दुखे ना त्यांचा, म्हणून हात असा," ती म्हणाली. आजोबांचा गुडघा दुखत असे, हें आम्हांस त्या दिवशीं प्रथम कळलें. आळें, विरी, हीर, झाप हे आमच्याच घरचे शब्दही, शहरांत वाढल्यामुळें, आम्हीं तेव्हांच शिकलों.

साधें छायाचित्र एवढें विचारीत नाहीं. जें चालवावयाचें, तें कसें चाले हें अगोदर जाणावें लागतें. आणि तें सांगणारें माणूस घरांत असावें लागतें.

आमचा चित्रपट दोन मिनिटांचाही नाहीं. मातीवर आमच्या बोटांचे ठसे स्पष्ट दिसतात. आजीनें तो तीनदां पाहिला व म्हणाली, "पाऊल बरोबर पडलें आहे."

वाचकबंधुभगिनींनो, तुमच्याही घरीं अशीं वडील माणसें असतील. त्यांचे फोटो तुम्हीं पुष्कळ काढिले असतील. पण तीं कशीं चालत, कसें वांकत, काय म्हणत, हेंही विचारून ठेवा. झाडें पुन्हां लावितां येतात. उत्तर देणारीं माणसें मात्र पुन्हां मिळत नाहींत.