कुळ कशावरून ओळखावें ?

जुन्या घराण्यांत दोन गोष्टींवरून वाद निघाल्यावांचून राहत नाहींत : एक वांटणी आणि दुसरी वंशावळ. पहिलीचा निकाल कोर्टांत तरी लागतो. दुसरीला तेंही दार नाहीं. सुमारें वीस वर्षांपूर्वीं आमच्या घराण्याचा कुलवृत्तांत छापावयाचें ठरलें आणि संपादनाचें काम वडीलधाऱ्यांनीं आमच्या गळ्यांत घातलें. त्या वेळीं मध्यप्रदेशांत स्थायिक झालेल्या एका कुटुंबाचें पत्र आलें, कीं आम्ही तुमच्याच शाखेचे. आमचींही नांवें पुस्तकांत यावीं. गोत्र जुळत होतें. पण आडनांव निराळें, मराठींत हिंदीची छटा, कुलाचारही थोडे वेगळे. ‘पुरावा अपुरा आहे’ असें चार ओळींचें उत्तर आम्हीं धाडलें व पुस्तक त्यांच्यावांचून निघालें.

गेल्या वर्षीं त्याच घरांतील एक वृद्ध बाई नातवाला घेऊन आमच्या दारीं आल्या. त्यांचे यजमान मधल्या काळांत निवर्तले होते. ‘भावोजी, तंटा करायला मी आलें नाहीं. एकदां ही वही तेवढी बघा,’ असें म्हणून त्यांनीं एक जीर्ण मोडी वही पुढें ठेविली. त्यांनीं आम्हांला ‘भावोजी’ म्हटलें. आम्हीं त्यांना ‘बाई’ म्हटलें.

आमच्या घरीं आजोबांचें नांव नातवाला ठेवण्याची चाल आहे. त्यामुळें महादेव, हरि, महादेव, हरि अशी नांवांची साखळी लागते. आमच्या वहीची नक्कल करणाऱ्या कोणा पूर्वजाची नजर एका महादेवावरून पुढच्या महादेवावर घसरली आणि दोन पिढ्या गळाल्या. त्र्यंबकेश्वरच्या उपाध्यायांच्या वहींत त्या शाबूत असल्यामुळें ही चूक आम्हांला ठाऊक होती. बाईंच्या वहींतही नेमक्या त्याच दोन पिढ्या नव्हत्या ! अशी एखादी चूक दोन लेखक निरनिराळ्या ठिकाणींही करूं शकतील. परंतु पुढें एका गांवाचें नांव दोनदां लिहिलेलें व एका विधीची तिथि चुकलेली, हींही दोन्ही वह्यांत सारखींच. तेव्हां दोन्ही वह्या एकाच नकलेवरून उतरलेल्या, याविषयीं आम्हांला शंका उरली नाहीं.

पाठभेदांच्या अभ्यासकांना ही युक्ति नवी नाहीं. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें १९१९ पासून १९६६ पर्यंत खपून महाभारताची चिकित्सित आवृत्ति सिद्ध केली, तींतही हस्तलिखितांचीं कुळें त्यांच्या समान पाठांवरून व समान भरींवरून लावावीं लागलीं. दोन प्रती जेथें बरोबर आहेत, तेथें त्यांचें साम्य फारसें कांहीं सांगत नाहीं. त्या जेथें एकाच तऱ्हेनें बदलल्या आहेत, तेथेंच त्यांचें नातें बोलूं लागतें.

ती वही पाहतांना आम्हांला जीवशास्त्रांतील एका मोठ्या कथेची आठवण झाली. कारण सृष्टीचा कुलवृत्तांतही हल्लीं याच रीतीनें लिहिला जातो. जवळजवळ प्रत्येक पेशींत चार अक्षरांच्या लिपींत लिहिलेली एक पोथी असते. पेशी दुभंगतांना तिची नक्कल होते, क्वचित् एखादें अक्षर चुकतें, आणि तें चुकलेलें अक्षर पुढच्या पिढ्यांकडे जातें. झुकरकांडल व पॉलिंग या दोघां शास्त्रज्ञांनीं १९६५ सालीं असा विचार मांडला, कीं सजीवांतील रेणू म्हणजे उत्क्रांतीच्या इतिहासाचीं दप्तरेंच होत. त्यापूर्वीं नातें ठरे तें मुख्यतः शरीराची ठेवण पाहून. ती रीत टाकाऊ नव्हे. पण कधीं कधीं फसवी. देवमासा दिसावयास माशासारखा. तो सस्तन आहे हें फार पूर्वींच कळलें होतें. पण जिवंत प्राण्यांत त्याचा सर्वांत जवळचा आप्त पाणघोडा, हें या पोथ्या ताडून पाहिल्यावर स्पष्ट झालें.

खरी पंचाईत होती ती सूक्ष्म जंतूंची. त्यांना ना हाड, ना पान, ना फूल. कोणी गोल, कोणी दांडीसारखा, एवढेंच काय तें रूप. अशांचें कुळ कशावरून लावावें ? अमेरिकेंतील इलिनॉय विद्यापीठांत कार्ल वूस नांवाच्या शास्त्रज्ञानें हा प्रश्न हातीं घेतला. प्रत्येक सजीवाच्या पेशींत प्रथिनें घडविणारा रायबोसोम नांवाचा कारखाना असतो. त्यांतील एका आर.एन.ए.चा मजकूर जंतूंमध्यें सुमारें पंधराशें अक्षरांचा असतो, तो सर्वांजवळ असतो, आणि फार मंद गतीनें बदलतो. हीच पोथी वूस यांनीं निवडली. तेव्हां सबंध मजकूर सहज वाचण्याची सोय नव्हती. रेणूचे तुकडे करून, फिल्मवर उमटलेले त्यांचे ठिपके पाहून एकेक तुकडा ओळखावा लागे. वर्षानुवर्षें हा गृहस्थ प्रकाशपेटीपुढें ठिपके वाचीत बसला.

१९७६ सालीं त्यांचे सहकारी राल्फ वुल्फ यांच्याकडील एक जंतु तपासणीस आला. मिथेन वायु उत्पन्न करणाऱ्या जातीचा तो. गाईच्या पोटांत व आपल्याकडील गोबर गॅसच्या टाकींत ज्याचे भाईबंद राबतात, तोच. दिसावयास साधा जीवाणु; परंतु जीवाणूंच्या पोथींत हटकून सांपडणाऱ्या खुणा त्यांत नव्हत्या ! जॉर्ज फॉक्स यांच्यासह वूस यांनीं १९७७ सालीं जाहीर केलें, कीं हें सजीवांचें तिसरेंच मूळ घराणें आहे. १९९० मध्यें त्याला ‘आर्किया’ असें नांव मिळालें.

लोकांनीं हें सुखानें मान्य केलें असें नव्हे. या प्रकरणापासून अंग काढून घ्या, असा दूरध्वनि एका नोबेल-विजेत्या पंडितानें वुल्फ यांना केला. अर्न्स्ट मायर यांच्यासारख्या थोर जीवशास्त्रज्ञानें तर १९९८ सालींही लिहिलें, कीं दोन्ही प्रकारच्या जंतूंची घडण सारखीच असतां तिसरें घराणें कशाला ? त्यांची बाजू पोरकट नव्हती. आम्हींही आडनांव व बोली पाहूनच निकाल दिला होता ना ? वूस यांना २००३ सालीं क्राफोर्ड पारितोषिक मिळालें. २०१२ सालीं ते वारले.

पण या कथेंत पुढें एक गुंता आहे, आणि तो आमच्या वाचकांना चटकन् उमजेल. जंतु केवळ आईबापांकडूनच वारसा घेतात असें नाहीं. शेजाऱ्याचा, परक्याचाही एखादा जनुक घेऊन आपलासा करतात. म्हणजे तेथें दत्तकविधान सर्रास चालतें ! फार कशाला, आपल्या जवळजवळ प्रत्येक पेशीला शक्ति पुरविणाऱ्या तंतुकणिका एके काळीं स्वतंत्र जीवाणु होत्या. अब्जावधि वर्षांपूर्वीं त्या दुसऱ्या पेशींत शिरल्या आणि घरच्याच झाल्या. त्यांना आश्रय देणारी ती पेशी आर्कियांच्या वंशांतली असावी, असें आतां बहुतेक शास्त्रज्ञ मानतात. तिच्या जवळच्या आप्तांचा मागोवा उत्तर ध्रुवाकडील समुद्रतळाच्या गाळांत लागल्याचें २०१५ सालीं प्रसिद्ध झालें. मनुष्य, वड, तुळस या सर्वांचें मूळ घर असें दोन वंशांच्या मिलाफानें उभें राहिलें आहे.

आम्हीं हें त्या संध्याकाळीं बोलून दाखविलें, तेव्हां बाईंचा नातू म्हणाला, ‘हल्लीं थुंकी तपासूनही पुरुषांची वंशरेषा जुळते कीं नाहीं तें कळतें. आपणही पाहूं या ना.’ बाई हंसल्या व म्हणाल्या, ‘आणि नाहीं जुळली तर रे ? इतक्या वर्षांचे कुलधर्म खोटे का ?’ आम्ही निरुत्तर झालों. कोणत्या पिढींत कोण दत्तक आला, हें दोन्ही घरांत कोण छातीठोक सांगणार ? आणि आला असला, तरी तो त्या घरचा नव्हे, असें कोणत्या तोंडानें म्हणणार ?

कुलवृत्तांताची दुसरी आवृत्ति आतां छापखान्यांत आहे. तींत त्या कुटुंबाच्या पांच पिढ्या आल्या आहेत. पहिल्या आवृत्तींत त्यांचीं नांवें संपादकाच्या चुकीनें गळालीं, अशी टीपही आम्हीं आमच्या सहीनें दिली आहे. ती काढावी असें धाकट्या मंडळींचें म्हणणें पडलें. आम्हीं ऐकलें नाहीं. चूक राहूं दिली, तर पुढें कोणाला तरी तिच्यावरून वाट सांपडते. छापील फर्मे आम्हीं पाठविले, तेव्हां सोबतच्या पत्राचा मायना ‘सौजन्यमूर्ति वहिनींस’ असा लिहिला. तेवढ्यासाठीं वीस वर्षें लागलीं, आणि ज्यांनीं प्रथम पत्र लिहिलें होतें, ते तें वाचावयास राहिले नाहींत.