आत्याबाईंची ओळ

विहिरीत पुरुषभर पाणी होतं आणि मळ्यातली मिरची माझ्या डोळ्यांदेखत वाळली. गेल्या उन्हाळ्यातली ही गोष्ट मला अजून पचलेली नाही.

आमचं गाव संगमेश्वर तालुक्यात, शास्त्री नदीच्या खोऱ्यात. पावसाळ्यात पाणी नको नको होतं आणि शिमग्यानंतर हंडाभर पाण्यासाठी चढण चढावी लागते, हे कोकणातल्या माणसाला वेगळं सांगायला नको. ह्यांची नोकरी मुंबईला. शेती मी आणि सासूबाई बघतो. मळ्यापर्यंत विजेचे खांब आणायचे तर मध्ये वहाळ आणि दुसऱ्यांच्या बागा. म्हणून वर्षानुवर्षं रॉकेलचं इंजिन वापरलं. पुढे रॉकेलच मिळेनासं झालं.

2024 मध्ये राज्य सरकारने ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजना आणली. शेतकऱ्याने 10 टक्के रक्कम भरायची, अनुसूचित जाती-जमातीच्या शेतकऱ्याने 5 टक्के, बाकीचा भार केंद्र आणि राज्य सरकारचा. अडीच एकरांपर्यंत 3 अश्वशक्तीचा पंप, पाच वर्षं दुरुस्तीची हमी, वर विमा. विजेचं बिल नाही, रात्रीअपरात्री पाणी द्यायला उठणं नाही. मी ह्यांच्या नावाने लगेच अर्ज भरला.

अर्ज त्रुटी काढून परत आला. एक म्हणजे विहिरीची नोंद सातबाऱ्यावर नव्हती. ती आजेसासऱ्यांनी स्वतः खणलेली; पंचनामा होऊन नोंद लागली. दुसरी त्रुटी अशी, की जमीन सामाईक आहे तेव्हा बाकीच्या सगळ्या हिस्सेदारांचं ना हरकत पत्र मुद्रांकावर जोडा.

आजेसासरे खोताचे कूळ. कुळकायद्याने 1 एप्रिल 1957 हा कृषक दिन ठरला आणि पुढे जमीन त्यांच्या नावावर लागली. त्यानंतर कधी वाटणीच झाली नाही. मुलगे मुंबईला गेले, मुली सासरी गेल्या, जो गावात राहिला त्याने कसली. आमच्या भागात घरोघरी हेच. ज्याने ही अट लिहिली त्याच्या डोळ्यांसमोर भाऊ-भाऊ एकाच वाडीत राहतात असं गाव असावं. आमच्या सातबाऱ्यावर चौदा नावं होती आणि त्यातली पाच माणसं वारलेली.

2025 च्या एप्रिलपासून राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम सुरू झाली. मयतांची नावं काढून वारसांची लावायची. मला हायसं वाटलं, आता तरी कागद सरळ होईल. झालं भलतंच. पाच मयत गेले आणि त्यांच्या जागी मुलगे, मुली, विधवा सुना मिळून एकोणीस जण आले. कोणी नालासोपाऱ्याला, कोणी डोंबिवलीला, एक बडोद्याला. मिरची वाळली ती याच दिवसांत.

एवढी माणसं एकत्र भेटतात ती गणपतीतच. मी कागद तयार ठेवला. पुरुषमंडळींनी आरतीनंतर भराभर सह्या केल्या, बऱ्याच जणांनी तर वाचलंही नाही. आत्याबाई मात्र थांबल्या. ह्यांची थोरली आत्या, वय ऐंशीच्या पुढे, डोंबिवलीला मुलाकडे असतात. म्हणाल्या, “सगळं वाच. मधलं गाळू नकोस.”

मी वाचलं. त्यांनी दोनदा वाचून घेतलं. मग म्हणाल्या, “सासरी माझ्या नणंदांकडून हक्कसोड घेतली ती मी बघितलीय. चहा दिला, कागद पुढे केला, सह्या झाल्या. पंपाला माझी ना नाही. पण ही हक्कसोड नाही, माझा वाटा आहे तसाच राहतो, ही ओळ यात घाल.”

घरात एकदम शांतता झाली. चुलतसासरे म्हणाले, “ताई, तुझा वाटा कोण खातोय?” त्या म्हणाल्या, “कोणी खात नसेल तर लिहायला काय हरकत आहे?”

सणाचे दिवस, मुद्रांक विकणारा बंद. गौरी-गणपती गेले आणि आत्याबाईही परतल्या. नवा कागद टंकून डोंबिवलीला पाठवला, तो दसऱ्याला सहीसकट परत आला. तोवर बातमी पसरली होती आणि बाकीच्या नणंदा, पुतण्या सगळ्यांनी तीच ओळ मागितली. ज्यांच्या सह्या झाल्या होत्या त्यांच्याही पुन्हा घ्याव्या लागल्या.

त्या दिवसांत मला आत्याबाईंचा राग आला होता. सरकारचा आला होता त्याहून जास्त. पण माझ्याही माहेरी भावांनी असाच कागद पुढे केला होता आणि मला कोणी वाचून दाखवलं नव्हतं. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाएवढा वाटा 2005 च्या दुरुस्तीने दिला, पण तो पुष्कळदा एका सहीत जातो. हिस्सेदारांच्या संमतीची अट नसती तर आत्याबाईंना विहिरीचं, पंपाचं कोणी कळवलंसुद्धा नसतं.

म्हणून मला वाटतं, अट ठेवावी, पण संमतीचा नमुना सरकारनेच छापून द्यावा आणि त्यात आत्याबाईंची ओळ असावी: या सहीने मालकी हक्कावर काहीही परिणाम होत नाही. दूर राहणाऱ्यांची संमती मोबाइलवरून, आधारच्या खातरजमेने घ्यावी. कोकणातल्या गावांसाठी गणपतीच्या दिवसांत ग्रामपंचायतीत शिबिर लावावं. बँक आणि रेशनकार्डाची कामं चाकरमानी त्याच दिवसांत उरकतात.

माघात पंप बसला. ऊन चढलं की पाणी सुरू होतं, पाटाने थेट वांग्यांपर्यंत जातं. ह्यांचं म्हणणं अजून तेच आहे: पाच पंचांनी कसणारा कोण ते सांगितलं की पंप द्यावा, सह्या कशाला? मिरची वाळत होती तेव्हा मीही हेच तोंडाने बोलत होते. आज नाही बोलणार. तरी एक अख्खा उन्हाळा वाया गेला तो मला मान्य नाही, कोणी कितीही समजावलं तरी.

खालच्या वाडीतल्या एका बाईंचा अर्ज आता याच कारणाने अडला आहे. त्यांना मी आमचा मसुदा नेऊन दिला. त्यांच्या सातबाऱ्यावर एकेचाळीस नावं आहेत आणि त्यातल्या तिघांचा पत्ता कोणालाच ठाऊक नाही.