आवाजातला संसार

अकोले. पावसाने वीज गेली, तशी मोबाइलवर एक प्रेमकथा लावली. अंधारात निवेदिकेचा वाक्याआधीचा श्वासही ऐकू येतो. नायकाचं नाव घेण्याआधी ती किंचित थांबली आणि नायिकेचं सगळं मन मला कळलं. पडद्यावर एवढ्यासाठी डोळे, गाणं, पाऊस, काय काय लागतं!

बंगालने हे नुसतं ऐकण्याचं सुख मनापासून जपलं. जगन्नाथ आणि ऊर्मिमाला बसू या जोडप्याने तिथे श्रुतिनाटकं गाजवली. पुढ्यात माइक, हातात संहिता, बस. आपल्याकडे मुंबई आकाशवाणीवर ‘पुन्हा प्रपंच’ ही कौटुंबिक श्रुतिका होती. प्रभाकर जोशींचे पंत, नीलम प्रभूंच्या मीनावहिनी आणि बाळ कुडतरकरांचे टेकाडे भावजी. आईला पंत आणि वहिनी खरेच नवरा-बायको वाटत. मला त्यात नवल वाटत नाही. रोजच्या कुरबुरीत दडलेली माया आवाजातून जितकी पोचते, तितकी चेहऱ्यावरून पोचत नाही, असं माझं ठाम मत आहे.

आता मराठी ऑडिओपुस्तकं हाताशी आहेत, पण वाचणाऱ्याचं नाव आपण क्वचितच विचारतो. पुढची कथा ऐकाल तेव्हा लेखकाबरोबर तेही नाव लक्षात ठेवा.