लोणारच्या बाजारात समुद्राची मासळी

लोणार म्हटले की खाऱ्या पाण्याचे सरोवर आठवते. बुलढाणा जिल्ह्यातल्या या तालुक्याच्या गावी परदेशातले शास्त्रज्ञ येतात, शाळा-कॉलेजच्या सहली येतात, हौशी मंडळी विवराच्या काठावर उभी राहून फोटो काढतात. पुराणवाले सांगतात की लवणासुर नावाच्या दैत्याला विष्णूने येथे ठार केले. त्याच्या रक्ताचे पाणी झाले आणि मांसाचे मीठ झाले. विज्ञान सांगते की सुमारे पावणेसहा लाख वर्षांपूर्वी आकाशातून मोठी उल्का येऊन काळ्या खडकावर आदळली आणि हा सुमारे अठराशे मीटर रुंदीचा खड्डा पडला. आम्हाला अर्थातच दुसरी हकीकत पटते. (ज्यांना असुर म्हणून मारले ते लोक कोण, हा विषय मोठा आहे. त्यावर पुन्हा कधी तरी.)

या पाण्यातला खार जुन्या काळापासून माणसाच्या उपयोगी पडला. काच आणि साबण करायला लागणारा माल येथे मिळतो, अशी नोंद अकबराच्या काळातल्या ऐन-ए-अकबरीत आहे. दल्ला, पापडी, भुस्की अशी त्या खाराच्या प्रकारांची नावे ब्रिटिशांच्या गॅझेटियरमध्येही आली आहेत. जून 2020 मध्ये हे पाणी एकाएकी गुलाबी झाले, तेव्हा साऱ्या देशाचे लक्ष इकडे वळले. खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांमुळे तसे घडल्याचे तपासणीत निघाले. त्याच वर्षी नोव्हेंबरात सरोवराला रामसर यादीत स्थान मिळाले. सरोवरावर लिहिणारे पुष्कळ आहेत. आम्ही मात्र बाजारात गेलो होतो आणि आम्हाला लिहायचे आहे ते सुक्या मासळीबद्दल.

ज्या पाण्याची ओळख पिढ्यान्‌पिढ्या ‘यात मासा जगत नाही’ अशी होती, त्याच्या काठावरच्या गावात पाचशे किलोमीटरवरच्या समुद्राची मासळी विकायला बसते, ही आम्हाला त्या उल्केइतकीच नवलाची गोष्ट वाटते. लोणारला रेल्वे नाही. मुंबईच्या बाजूने माल निघतो तो ट्रकने मोठ्या गावच्या ठोक व्यापाऱ्याकडे येतो, तेथून पोत्यांनी किरकोळ विकणाऱ्याकडे, आणि तेथून एस.टी.च्या टपावरून नाहीतर काळी-पिवळी जीपमधून आठवडी बाजारात. आमच्या विदर्भ-मराठवाड्याच्या सीमेवरच्या गावांतून असेच चालत आले आहे.

बाजारात सुक्या मासळीची ओळ कुठे आहे हे कुणाला विचारावे लागत नाही. नाक सांगते. ही ओळ नेहमी कडेला असते, भाजीच्या आणि किराण्याच्या दुकानांपासून जरा लांब. गोणपाट अंथरलेले, त्यावर ढीग लावलेले. एका बाजूला बोंबील, दुसऱ्या बाजूला सुकट, मध्ये झिंगे, आणि एखाद्या टोपलीत मिठात घातलेला बांगडा. बसणाऱ्या बहुतेक बायाच. कुणी भोई समाजाच्या, कुणी मुसलमान, कुणी आपल्या वस्तीतल्या. एका मावशींना आम्ही विचारले, “मावशी, तुम्ही समुद्र पाहिला का हो कधी?” त्या तराजू न सोडता म्हणाल्या, “म्या कवा पाह्यला जी! तोच येते माह्याकडं, पोत्यात बसून.” आजूबाजूच्या बाया हसल्या. मावशींनी मात्र आमच्याकडे न बघता पुढच्या गिऱ्हाइकाचे पावशेर सुकट तोलले आणि वरून एक चिमूट जास्तीची टाकली.

हा समुद्र पोत्यात कसा बसतो हे वाचकांपैकी बऱ्याच जणांना ठाऊक नसेल, म्हणून थोडे सांगतो. ओल्या बोंबलात बहुतेक पाणीच असते, शंभरात पंचाऐंशी-नव्वद भाग. तो पकडल्यावर टिकत नाही. म्हणून सातपाटी, अर्नाळा, वसई, उत्तन, वेसावे अशा किनाऱ्यावरच्या गावांत बांबूचे उंच मांडव घालतात, त्यांना वलांडी म्हणतात. दोन बोंबलांची तोंडे एकमेकांत अडकवायची आणि जोडी दोरीवर टांगायची. ऊन आणि वारा चांगला असला तर तीन-चार दिवसांत माल कडक होतो. या बोंबलाला मीठ लावीत नाहीत, ही गोष्ट आम्हालाही नवी होती. दहा किलो ओला बोंबील टांगला तर हाती जेमतेम दीड-दोन किलो सुका येतो. सुकट म्हणजे जवळा, अगदी बारीक कोळंबीसारखा जीव. तो जमिनीवर पसरून वाळवतात. बांगडा आणि मोठे मासे चिरून मिठात मुरवतात आणि मग वाळवतात. हे टांगणे, पसरणे, उलटणे, संध्याकाळी गोळा करणे बहुतेक कोळी बायांचे आणि मजुरीला येणाऱ्या आदिवासी बायांचे काम. पुरुष होडी घेऊन जातो. किनाऱ्यावर आल्यापुढचा मासा बाईच्या हातात. मुंबईत अंधेरीजवळ मरोळला सुक्या मासळीचा जुना बाजार भरतो, तोही कोळी बायांनीच चालवलेला. म्हणजे वेसाव्याच्या वलांडीपासून लोणारच्या गोणपाटापर्यंत हा धंदा बायांच्याच खांद्यावर आहे. मधल्या ट्रकवाल्याला आणि ठोक व्यापाऱ्याला सोडून. नफ्याचा मोठा वाटा कुठे राहतो, हे वाचकांना वेगळे सांगायला नको.

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर 1 जून ते 31 जुलै यांत्रिक होड्यांना मासेमारी बंद असते. त्या दिवसांत आणि सगळ्या पावसाळ्यात सुकी मासळीच आधार. म्हणून उन्हाळ्याच्या शेवटी तिची खरेदी जोरात होते. मृग लागायच्या आधी डबा भरून ठेवायचा, हा आमच्या आज्यांचा नियम होता. पेरणीचे दिवस, हाताला पैसा नाही, भाजीपाला नाही, चूल धड पेटत नाही. अशा वेळी मूठभर सुकट तव्यावर भाजली, त्यात लाल तिखट, लसूण, मीठ घालून वरवंट्याने रगडली की दहा माणसांची भाकर निघे. पूर्वी पैशाने घेणारे थोडेच होते. ओंजळभर ज्वारी टाकायची आणि मूठभर सुकट घ्यायची. मालकाच्या शेतात दिवसभर राबून आणलेल्या ज्वारीतूनच ती ओंजळ निघे.

या सुकटीने आमच्या समाजाला जगवले, असे म्हटले तर ती अतिशयोक्ती नाही. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या अन्नाच्या तक्त्यांत पाहिले तर शंभर ग्रॅम सुक्या बोंबलात साठ ग्रॅमच्या वर प्रथिने आहेत; हाडासकट खाल्ल्याने चुना म्हणजे कॅल्शियमही भरपूर. ज्यांना दूध परवडत नव्हते, गावात तूप-डाळ ज्यांच्या ताटात येत नव्हती, त्यांच्या पोरांची हाडे कशावर वाढली? ब्राह्मणी स्वयंपाकाच्या पुस्तकांत या अन्नाला जागा नव्हती. शाहू पाटोळे यांनी 2015 साली ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ या पुस्तकात मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या चुलीवर काय शिजत होते ते लिहून ठेवले, तेव्हा कुठे ते कागदावर आले.

मासळीचे आणि आपल्या चळवळीचे नाते तर घरातलेच आहे. माता रमाईंचे वडील भिकू धुत्रे हे दापोलीजवळच्या वणंद गावचे. दाभोळ बंदरावर मासळीच्या टोपल्या वाहून ते कुटुंब पोसत. पुढे बाबासाहेब आणि रमाई यांचे लग्न लागले तेही मुंबईत भायखळ्याच्या मासळी बाजारात. दिवसाचा बाजार उठल्यावर रात्री त्याच जागेत वऱ्हाडी बसले. ज्या वासाला आज आपली मुले नाक मुरडतात, त्या वासातच तो विवाह झाला, हे त्यांना एकदा सांगावे.

नाक मुरडणे वाढले आहे, ही गोष्ट खरी. आमच्या एका नातलगांना शहरात भाड्याने खोली हवी होती. घरमालकांनी आडनाव विचारले नाही. ‘तुमच्याकडे सुकट-बोंबील शिजवतात काय?’ एवढेच विचारले. म्हणजे प्रश्न तोच, फक्त विचारण्याची रीत सुधारली. त्या वहिनी आता गावाहून आणलेले बोंबील तीन पिशव्यांत बांधून ठेवतात आणि शेजारी बाहेर गेले की खिडक्या लावून भाजतात. आमचे त्यांना सांगणे झाले की वहिनी, खिडक्या उघडा. पण भाडेकरूला असे सांगणे सोपे आणि करणे अवघड, हे आम्हालाही कळते.

दुसरीकडून काही सुशिक्षित मंडळी म्हणतात, आपण बौद्ध झालो, आता हे सोडायला हवे. ज्याला सोडायचे त्याने खुशाल सोडावे. परंतु बौद्ध देशांत काय खातात ते आधी पाहावे. ब्रह्मदेशात मासे किंवा कोळंबी मिठात मुरवून, कुटून केलेला ङापी घरोघर रोजच्या जेवणात असतो. थायलंडच्या ईशान्य भागात मीठ आणि तांदळाचा कोंडा घालून मासे महिनोन्‌महिने मुरवतात, त्याला प्ला रा म्हणतात. कंबोडियात तोन्ले साप नावाचे प्रचंड गोड्या पाण्याचे सरोवर आहे. पावसाळ्यानंतर त्याचे पाणी ओसरू लागले की लहान मासे थव्याथव्याने नदीत उतरतात. थंडीत, डिसेंबर ते फेब्रुवारीच्या सुमारास, शेतकरी बैलगाड्यांतून तांदूळ घेऊन नदीकाठी यायचे, कोळ्यांना तांदूळ द्यायचे, मासे घ्यायचे, तेथेच डोकी काढून, धुऊन, मीठ लावून रांजण भरायचे आणि वर्षाचा प्राहोक घेऊन घरी जायचे. आमच्या आज्यांची ज्वारी आणि त्यांचे तांदूळ, व्यवहार एकच! तिथले भिक्खूही पात्रात पडेल ते घेतात. विनयात भोजनाचे जे पाच प्रकार सांगितले आहेत त्यांत भात आणि सातूबरोबर मासाही आहे. आपल्यासाठी मारलेले पाहिले, ऐकले किंवा तशी शंका असली तर मात्र तो घ्यायचा नाही, एवढी अट आहे.

लोणारच्या मावशींची काळजी मात्र वेगळी होती. त्यांना धर्माचे किंवा वासाचे काही वाटत नव्हते. त्यांचे म्हणणे एवढेच, “माल महाग झाला जी, गिऱ्हाईक भाव इचारते अन् पुढं जाते.” गरिबाचे मटण म्हणून ज्याची ओळख होती तो बोंबील आता कोंबडीपेक्षा महाग आहे. मजूर बाई आता कोंबडीच्या दुकानाकडे वळते, कारण ती स्वस्त पडते. कारणे किनाऱ्यावर आहेत. बोंबील-जवळा मुळात कमी सापडतो. मोठ्या यांत्रिक जाळ्यांनी बारीक मासा उपसून नेला जातो, आणि त्यातला पुष्कळसा कोंबड्यांचे खाद्य करणाऱ्या कारखान्यांत जातो. (गरिबाच्या ताटातला मासा कोंबडी खाते आणि ती कोंबडी गरिबाला स्वस्त म्हणून विकतात, हा हिशोब आम्हाला काही केल्या जुळवता आला नाही.) त्यात अवकाळी पाऊस. वलांडीवर टांगलेला माल एका सरीत कुजतो. ऑक्टोबर 2019 मध्ये क्यार चक्रीवादळाच्या वेळी किनाऱ्यावर असेच झाले. पिकाच्या नुकसानीची ओरड होते तशी सुक्या मासळीची होत नाही, कारण सातबाऱ्यावर बोंबील लागत नाही.

आमच्या भगिनींसाठी मावशींनी सांगितलेल्या दोन-चार गोष्टी येथे देतो. बोंबील हातात घेऊन मोडावा, कट्कन मोडला तर चांगला, वाकला तर ओल आहे. फार पांढरा, चकचकीत दिसणारा किंवा औषधासारखा वास येणारा माल घेऊ नये; माशा-किडे बसू नयेत म्हणून कुणी कीटकनाशक मारलेले असते. सुकटीत वाळू असते, म्हणून ती आधी चाळून घ्यावी, कोरडी भाजावी आणि मग दोन-तीन पाण्यांतून काढावी. घरी आणल्यावर एक दिवस कडक उन्हात घालून घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावी आणि पावसाळ्यात ओला हात लावू नये. खारा बांगडा ब्लडप्रेशरवाल्यांनी जपून खावा, त्यात मीठ फार.

आम्ही पावशेर झिंगे आणि अर्धा किलो सुकट घेतली. घरी येईस्तोवर एस.टी.त दोघे-तिघे उठून पुढच्या बाकावर गेले, आणि एक म्हातारी मागून पुढे येऊन आमच्याजवळ बसली. “कुठल्या बाजारची हाय?” म्हणाली. आम्ही पुडी उघडून दाखवली. तिने दोन झिंगे तोंडात टाकले, चावले आणि म्हणाली, “चांगली हाय. अंबाडीत टाक, तेल जास्त नको घालू.” त्या रात्री अंबाडीची भाजी झाली, तेल जरा जास्तच पडले.