डॉगटाऊनचा किनारा

लॉस एंजेलिसला मुलाकडे गेलेल्या आपल्याकडच्या मंडळींना हॉलिवूड आणि डिस्नेलँड दाखवलं जातंच. आम्हालाही दाखवलं. पण मनात राहिली ती सांता मोनिका संपून व्हेनिस सुरू होतं तिथली किनारपट्टी. तिथली पोरं तिला 'डॉगटाऊन' म्हणत.

इथे समुद्रात खांबांवर उभारलेलं 'पॅसिफिक ओशन पार्क' होतं. १९६७ मध्ये ते बंद पडलं, मोडकळीला आलं. त्याच्या कुजक्या खांबांमधून वस्तीतली मुलं जिवावर उदार होऊन सर्फिंग करीत. लाटा ओसरल्या की स्केटबोर्ड घेऊन रस्त्यावर. पुढे १९७६-७७ च्या दुष्काळात बंगल्यांतले पोहण्याचे तलाव कोरडे पडले. ही मुलं कुंपणावरून उड्या टाकून आत शिरत आणि तलावाच्या गोलाकार भिंतींवर स्केटबोर्ड चढवीत. पोलीस आले की पळ!

त्यांतलाच एक स्टेसी पेराल्टा, जन्म १९५७ चा. 'झेफिर' या दुकानाच्या संघातून तो खेळला. १९७८ मध्ये त्यानं भागीदारीत स्केटबोर्डची कंपनी काढली. माल खपावा म्हणून १९८४ पासून आपल्या खेळाडूंच्या व्हिडिओ कॅसेट तो स्वतःच तयार करू लागला. कॅमेऱ्याची शाळा ती हीच.

१९९९ मध्ये एका मासिकात या जुन्या दोस्तांवर लेख आला आणि हॉलिवूडची नजर तिकडे वळली. परक्यांनी सांगण्याआधी आपली गोष्ट आपणच सांगावी, म्हणून पेराल्टानं 'डॉगटाऊन अँड झी-बॉईज' हा माहितीपट केला. २००१ च्या सनडान्स महोत्सवात त्याला दिग्दर्शनाचं आणि प्रेक्षकपसंतीचं अशी दोन पारितोषिकं मिळाली.

मुलाच्या घरी आम्ही तो पाहिला. खेळाडूही आपण आणि दिग्दर्शकही आपणच; म्हणजे स्वतःची आरतीच असणार, अशी मला शंका होती. आमची सून धारवाडकडची. खेळ पाहून ती म्हणाली, "एष्टु छलो ऐती!" पण जे अ‍ॅडम्सची कहाणी आली तेव्हा तीही गप्प झाली. सर्वांत उपजत गुणाचा हा खेळाडू पुढे अमली पदार्थांत अडकला. दोस्त म्हणून पेराल्टानं ते झाकलं नाही आणि त्याला हिणवलंही नाही. सोबत खेळलेल्या माणसालाच हे साधतं. अ‍ॅडम्स २०१४ मध्ये वारला. माहितीपटात त्याचा तो वेग तेवढा उरला आहे.

दुसऱ्या दिवशी ओशन पार्कची जागा पाहिली. खांब नाहीत, नुसतं पाणी. जवळच व्हेनिसच्या वाळूत २००९ मध्ये सरकारी स्केट पार्क झालं आहे. रिकाम्या तलावासारखा सिमेंटचा खड्डा तिथे मुद्दाम बांधला आहे. मुलं त्यात मजेत घसरत होती, त्यांना हाकलायला कोणी येत नव्हतं.

वाचकहो, आपल्या आनंदवाडीच्या आखाड्यात कुस्ती धरलेले किती आजोबा आज आपल्यात आहेत? नातवाच्या मोबाइलमध्ये कॅमेरा आहेच. त्यांना मराठीत बोलतं करा, कन्नडमध्ये करा. पण लवकर करा.