फोनवरची घंटा

मालवण किनाऱ्यावरील आमच्या धर्मग्रामात ज्याचे एखादे माणूस मुंबईत नाही असे घर विरळाच. २०२० च्या मार्चअखेरीस टाळेबंदी लागली आणि रिकाम्या चर्चमध्ये मी एकटाच मिस्सा अर्पण करू लागलो. त्याच दिवसांत एका वृद्ध गृहस्थांचा मला रोज फोन येऊ लागला.

हयात आगबोटीवर खानसामा म्हणून गेलेली; पत्नी निवर्तलेली, मुलगी परदेशी. गिरगावातील एका खोलीत ते एकटे होते. समोरची चाळ बांबू बांधून बंद केलेली. रात्री रुग्णवाहिका आली की ती कोणत्या गल्लीत थांबते, हे कानोसा घेत ते बसून राहत. "फादर, बोटीर सुद्धा मनीस एकटोच. पण थंय किनारो वाट बघता," ते म्हणत.

त्यांच्या खिडकीतून एक जुना क्रूस दिसे. १८९६ साली मांडवीत प्लेग उघडकीस आल्यावर ख्रिस्ती वस्त्यांनी गल्लोगल्ली असे क्रूस उभारले होते. तेव्हाही लाखो लोकांनी मुंबई सोडली. त्याच साथीत १८९७ चा साथरोग कायदा निघाला, आणि २०२० मध्ये तोच पुन्हा लागू झाला. आलेल्या माणसाला गाव तेव्हाही भ्यालेच असणार.

सायंकाळी सातला मी एका हाताने आंजेलुसच्या घंटेचा दोर ओढी आणि दुसऱ्या हाताने फोन वर धरी. पलीकडून 'नमो मारिया' ऐकू येई. आपण मोठे सांत्वन करीत आहोत, असे मला वाटे.

मे महिन्यात त्यांनी विचारले, "मी गावाक येव काय?" चाकरमान्यांच्या नावाने तेव्हा गावात, आमच्या विश्वासू कुटुंबांतही, कुजबुज चालली होती. मी म्हणालो, "थोडे थांबा." प्रवासातील धोक्याचे कारण मी पुढे केले. ते खोटे नव्हते. पण मला भय होते ते लोकांच्या नाराजीचे. दोन दिवस त्यांचा फोन आला नाही. जपमाळ हातात असे, मन मात्र त्या खोलीत. तिसऱ्या दिवशी मीच फोन केला, "या" म्हणालो, आणि मग गावातल्या घरोघरी सांगत फिरलो. दोन घरांनी मला ओटीवरूनच परत पाठविले.

जूनमध्ये ते आले. चौदा दिवस शाळेत राहायचे होते. पहिल्या संध्याकाळी घंटा सेवेकऱ्यावर सोपवून मी पेज घेऊन गेलो, डबा पायरीवर ठेवला आणि दहा पावले मागे सरलो. तेवढ्यात घंटा झाली. टोपी काढून ते उभे राहिले. प्रार्थना संपल्यावर म्हणाले, "फादर, फोनार मोठी आयकाक येय."