एकुलती प्रत

पाठ्यवृत्ती मिळालेल्या चित्रकाराने मोठे कॅनव्हास घ्यावेत, निवांतपणे चित्रे काढावीत, एवढीच लोकांची अपेक्षा असते. अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू पाठ्यवृत्तीच्या आधारे १९६९ साली मुंबईत, नेपियन सी रोडवरच्या एका घरात, ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केले. मणी कौल, नलिनी मालानी यांच्यासारख्या निरनिराळ्या क्षेत्रांतील तरुणांना तेथे १६ मिलिमीटरचा कॅमेरा हाताळावयास मिळाला.

पदमसींनी स्वतः दोन लघुपट केले. ‘सिझिजी’ हा रेषा आणि बिंदू यांचा अकरा मिनिटांचा मूकपट. त्यासाठी सुमारे हजार रेखाटने झाली व राम मोहन यांनी त्यांना गती दिली. दुसरा, ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’, अवघ्या सहा मिनिटांचा, रंगीत. आपलेच एक तैलचित्र, एक निसर्गदृश्य, त्यांनी कापलेल्या आकारांतून प्रकाश टाकून पडद्यावर पुन्हा घडविले. त्याची एकच प्रत होती. ती दिल्लीतील एका प्रदर्शनासाठी गेली आणि परत आली नाही.

एकच प्रत का, हा प्रश्न साहित्याच्या अभ्यासकाला पडेल. असल्या अल्पखर्ची कामात पुष्कळदा ‘रिव्हर्सल’ फिल्म वापरीत. कॅमेऱ्यातून निघालेली पट्टी धुतली की तीच प्रक्षेपकावर चढे. वेगळी निगेटिव्ह नाही, दुसऱ्या प्रतीचा खर्च नाही. चित्रपट ही खरे तर प्रतींची कला. दारिद्र्यामुळे ती पुन्हा हस्तलिखिताच्या अवस्थेला येते. चित्रकाराला त्यात वावगे वाटले नसावे, कारण त्याचे प्रत्येक चित्र एकुलतेच असते. पण चित्र हरवले तर निदान चित्राची किंमत करणारे कोणी हळहळतात. सहा मिनिटांच्या पट्टीसाठी कोण शोध घेणार?

पुढे २०१६ मध्ये आशिम अहलुवालिया यांनी, ८८ वर्षांच्या पदमसींना सोबत घेऊन, तो लघुपट आठवणींतून उभा करण्याचा प्रयत्न केला आणि त्या प्रयत्नाचाच त्याच नावाचा चित्रपट झाला. महानुभावांच्या परंपरेत ‘लीळाचरित्रा’ची मूळ पोथी नष्ट झाल्यावर पाठांतराच्या बळावर पाठ सिद्ध झाले, ते येथे आठवते. फरक इतकाच, की तेथे स्मरण करणारे अनेक होते व पाठभेद नोंदवून ठेवण्याची शिस्त होती. येथे एका वृद्ध माणसाची, मधूनमधून विरळ होणारी आठवण होती. ती चुकली तर चूक दाखविणारा दुसरा पाठ कोणापाशीही नव्हता. पदमसी जानेवारी २०२० मध्ये निवर्तले.